1989-90 चा मोसम : फोंड्याचा महाविद्यालयीन संघ आणि अंतिम सामन्यातला तो नाकारलेला गोल

खांडेपारकाठ (धागाकर्ता)

मंडळी, नमस्कार.

गोव्यातील फुटबॉलविषयी मराठीत जे लिहिले जाते, त्यात धेंपो, साळगावकर, चर्चिल ब्रदर्स हे क्लब आणि संतोष चषक यांच्याविषयी पुष्कळ असते, आणि ते असायलाच हवे. महाविद्यालयीन फुटबॉलविषयी मात्र जवळजवळ काहीच सापडत नाही. आमच्या काळी त्या स्पर्धांचे निकाल दैनिकात तीन ओळींत छापून येत आणि तेवढ्यावर विषय संपत असे. म्हणून 1989-90 या मोसमाची माझी आठवण येथे नोंदवून ठेवतो. मी त्या संघाचा कर्णधार होतो. महाविद्यालय फोंडा तालुक्यातले. त्याचे आणि सहकाऱ्यांचे नाव लिहीत नाही, कारण मी कोणाची परवानगी घेतलेली नाही. ज्यांना ओळखायचे ते ओळखतील.

तो काळ थोडा डोळ्यांसमोर आणावा. 30 मे 1987 रोजी गोवा घटक राज्य झाले होते. गोवा विद्यापीठ 1985 साली स्थापन झाले होते, आणि त्यापूर्वी आमची महाविद्यालये मुंबई विद्यापीठाला जोडलेली होती. मांडवीवरचा पूल 5 जुलै 1986 रोजी कोसळला होता, त्यामुळे म्हापशाचा सामना असला की आम्ही पणजीला येऊन बेतीची फेरीबोट धरत असू. साळगावकर संघाने 1988 आणि 1989 असा लागोपाठ दोनदा फेडरेशन चषक जिंकला होता आणि फातोर्ड्याचे स्टेडियम नुकतेच उभे राहिले होते. फुटबॉल खेळणाऱ्या मुलाला यापेक्षा चांगले वर्ष मागून मिळाले नसते.

विल्यम रॉबर्ट लायन्स या धर्मगुरूंनी 1883 साली शिवोलीत हा खेळ आणला असे सांगतात, आणि तेव्हापासून बार्देश आणि सासष्टी हेच फुटबॉलचे घर अशी समजूत पक्की झाली. आमच्याकडच्या तालुक्यांतला मुलगा म्हणजे भजन, नाटक आणि फार तर व्हॉलीबॉल, असे लोक मानत. आमच्या सोळा जणांपैकी नऊजण सत्तरी, डिचोली आणि धारबांदोड्याकडच्या गावांतून येत. त्यांतल्या चौघांनी महाविद्यालयात येईपर्यंत बूट घालून चेंडूला पाय लावलेला नव्हता.

आमचे शारीरिक शिक्षणाचे सर मूळचे खो-खोचे. फुटबॉल ते फारसे खेळलेले नव्हते, परंतु नियमांचे पुस्तक त्यांनी एखाद्या पोथीसारखे वाचले होते. जूनमध्ये पहिल्याच दिवशी त्यांनी सांगितले की गोल कसे करायचे हे तुम्हाला या वर्षात शिकवणे मला जमणार नाही, गोल कसे होऊ द्यायचे नाहीत ते मात्र शिकवता येईल. मग संपूर्ण पावसाळा आम्ही ऑफसाइडच्या सापळ्याचा सराव केला. पास निघताना बचावफळी ओलांडून गोलकडे पुढे गेलेला आघाडीचा खेळाडू ऑफसाइड ठरतो आणि त्याचा गोल धरला जात नाही; बचावपटूंनी ऐनवेळी पुढे सरकून त्याला तसे अडकवायचे, तो हा सापळा. बचावफळीतले चौघे एका ओळीत उभे राहायचे, मधला बचावपटू प्रतिस्पर्ध्याच्या पायाकडे पाहायचा, आणि तो पाय पाससाठी मागे गेला की 'खो!' अशी हाळी द्यायचा. त्या हाळीसरशी चौघांनी एकच पाऊल पुढे टाकायचे आणि डाव्या बगलेच्या बचावपटूने हात वर करायचा. खो मिळाल्यावर उठण्यात जो उशीर करतो तो संघाला बुडवतो, हे सरांचे वाक्य आम्ही शंभर वेळा ऐकले असेल. तांबड्या मातीच्या चिखलात, पाणी पिऊन धोंड्यासारख्या झालेल्या चामड्याच्या चेंडूने आम्ही ते एक पाऊल घोटले. चवथीच्या सुट्टीत संघ गावोगाव पांगला, तेव्हा भीती वाटली होती की सगळे विसरले जाईल. परंतु परतल्यावर पहिल्याच हाळीला चौघे एकत्र हलले, आणि त्या दिवशी सर प्रथमच हसले.

निकाल असे होते. गटात 1-0, 0-0 आणि 2-1. उपांत्यपूर्व सामना 1-0. उपांत्य सामना 1-1 बरोबरीत सुटून पेनल्टीवर 4-2. अंतिम सामना 1-0. सहा सामन्यांत आम्ही सहा गोल केले आणि दोन स्वीकारले. हा खेळ पाहायला सुंदर नव्हता, हे मला मान्य आहे. परंतु 1983-84 मध्ये गोव्याने एकही गोल न स्वीकारता संतोष चषक जिंकला होता आणि ब्रह्मानंद शंखवाळकर त्या संघाचे गोलरक्षक होते. आमच्या पिढीने बचावाची थोरवी तेथे पाहिली होती.

अंतिम सामना डिसेंबरच्या आरंभी पणजीला कांपालच्या मैदानावर झाला. समोर सासष्टीतला संघ होता, आमच्यापेक्षा सर्व बाजूंनी सरस. मध्यंतरापूर्वी कॉर्नरवरून आम्ही एक गोल केला आणि मग पाऊण तास केवळ तग धरला. शेवटची दहा मिनिटे आमचे बचावपटू चेंडू मागे देत राहिले आणि गोलरक्षक तो उचलून छातीशी धरत राहिला. सामना संपायला पाच-सहा मिनिटे असताना त्यांच्या आघाडीवीराने चेंडू जाळ्यात मारला, पण लाईन्समनचा झेंडा वर होता. तो गोल नाकारला गेला आणि आम्ही जिंकलो.

त्या सामन्याला असलेले कोणी येथे असतील, तर त्यांनी अवश्य लिहावे. चूक असेल तेथे दुरुस्त करावे.

सत्तरीची_वाट

खांडेपारकाठ, तुमच्या संघातले दोघे आमच्या वाळपईकडचे होते आणि त्यांच्यासोबत मी लहानपणी खेळलो आहे, त्यामुळे एका गोष्टीची भर घालतो.

सरदीचे, म्हणजे पावसाळी, भात कापून झाले की ज्या शेतांत वायंगण, म्हणजे भाताचे दुसरे पीक, नसे, ती शेते नोव्हेंबरपासून आमची मैदाने होत. दोन बांबू इकडे, दोन तिकडे, आणि मेर म्हणजे सीमारेषा. भाताची खुंटे तळपायाला टोचत, म्हणून चेंडू जमिनीवरून न्यायचा तर अचूक न्यावा लागे. मात्र शेतातल्या त्या खेळात ऑफसाइड नावाचा प्रकारच नव्हता. कोणीही कुठेही उभे राहावे. ज्या मुलांनी आयुष्यात कधी ऑफसाइड पाळला नव्हता, त्यांच्याकडून एका पावसाळ्यात हा सापळा बसवून घेतला गेला, याचे श्रेय सरांना जितके द्यावे तितके थोडे आहे.

सासष्टीकर

धागा मनापासून वाचला. लेखन प्रामाणिक आहे, म्हणून मीही प्रामाणिकपणे लिहितो. त्या अंतिम सामन्यात मी समोरच्या संघात मधल्या फळीत होतो, आणि ज्या पासवर तो गोल झाला तो पास माझाच होता.

तो गोल वैध होता, असे मी आजवर मानत आलो आहे. आमच्या एका वर्गमित्राने गोलच्या बाजूने छायाचित्र घेतले होते आणि त्याची प्रत माझ्याकडे आहे. पास निघाला त्या क्षणाचे ते चित्र आहे. चेंडू माझ्या पायापासून जेमतेम हातभर सुटलेला दिसतो. आमचा आघाडीवीर आणि तुमचे बचावपटू एका सरळ ओळीत आहेत. तुमच्या डाव्या बगलेच्या मुलाचा हातही अर्धा वर गेलेला दिसतो. आघाडीवीर त्यांच्या पुढे नाही, बोटभरही नाही. एका ओळीत असलेला खेळाडू ऑफसाइड नसतो, हे आज शाळेतल्या पोरालाही ठाऊक आहे. त्या झेंड्यामुळे आमचे जादा वेळेत जाण्याचे दार बंद झाले. आमच्या आघाडीवीराने त्यानंतर कित्येक वर्षे त्या लाईन्समनशी बोलणे टाकले होते, आणि दोघेही एकाच गावातले होते.

तुमचे यश मी नाकारत नाही. उपांत्य फेरीपर्यंतचा तुमचा बचाव आम्ही पाहिला होता आणि आमच्या प्रशिक्षकांनी त्याचा धसका घेतला होता. परंतु हा गोल माझ्या मनातून जात नाही.

खांडेपारकाठ

सासष्टीकर, तुम्ही येथे भेटाल असे स्वप्नातही वाटले नव्हते. छायाचित्र मी कधी पाहिलेले नाही. शक्य असल्यास त्याची प्रत द्यावी. तुम्ही म्हणता तसे आम्ही खरोखर एका ओळीत असू, तर मला याचा विचार करावा लागेल. आमची समजूत अशी होती की तो पुढे होता.

नवा_विंगर

नमस्कार काका. मी सध्या मडगावच्या एका महाविद्यालयाच्या संघात खेळतो. दोन शंका आहेत. बचावपटूने पायाने मागे दिलेला चेंडू गोलरक्षकाने हातात घेतला, तर समोरच्या संघाला अप्रत्यक्ष फ्री किक मिळायला हवी होती. ती का मिळाली नाही? आणि खेळाडू एका ओळीत होते हे छायाचित्रात दिसत असेल, तर लाईन्समनची चूक सरळच नाही का?

निवृत्त_पंच

मी गोव्यात अनेक वर्षे पंच म्हणून काम केले. त्या अंतिम सामन्याला मी नव्हतो, त्यामुळे छायाचित्राविषयी काही बोलणार नाही. नियमांविषयी मात्र बोलू शकतो, आणि या धाग्यावर ते बोलणे आवश्यक झाले आहे.

पहिल्या शंकेचे उत्तर सोपे आहे. पायाने मागे दिलेला चेंडू गोलरक्षकाने हाताळू नये, हा नियम 1992 साली आला. त्यापूर्वी ते पूर्णतः वैध होते. आघाडीवर असलेला संघ शेवटची मिनिटे अशीच काढत असे, आणि प्रेक्षकांचा जीव मेटाकुटीला येई, म्हणूनच तो बदल करावा लागला.

दुसरी शंका महत्त्वाची आहे. ऑफसाइडचा नियम मुळापासून आजच्यासारखा नव्हता. आघाडीच्या खेळाडूपुढे प्रतिस्पर्ध्यांचे किमान तीन खेळाडू असले पाहिजेत, असा नियम 1925 पर्यंत होता. त्या वर्षी तिनाचे दोन केले गेले. हे दोन खेळाडू त्याच्यापेक्षा गोलरेषेच्या अधिक जवळ असले पाहिजेत, अशी ती अट होती. 'अधिक जवळ' या शब्दांचा अर्थ काटेकोरपणे लावला जाई. शेवटून दुसऱ्या बचावपटूच्या बरोबर, म्हणजे एका ओळीत असलेला खेळाडू ती अट पूर्ण करत नव्हता, कारण तो बचावपटू त्याच्यापेक्षा जवळ नव्हता, तितकाच जवळ होता. त्यामुळे एका ओळीतला खेळाडू त्या काळी ऑफसाइड ठरत असे. 1990 साली नियम बदलला आणि एका ओळीतला खेळाडू वैध ठरू लागला. तुम्ही खेळलात तो सामना डिसेंबर 1989 चा आहे.

छायाचित्र सासष्टीकर म्हणतात तसेच असेल, तर त्याने त्या लाईन्समनचा निर्णय बरोबर होता हेच सिद्ध होते. आम्ही तेव्हा त्यांना लाईन्समन म्हणत होतो; सहायक पंच हे नाव 1996 पासूनचे. नाव कोणतेही असो, त्या माणसाने त्या दिवशी आपले काम चोख केले होते.

खांडेपारकाठ यांनाही एक सांगतो. तुमच्या सरांचा सापळा जुन्या नियमावर बेतलेला होता. तुमच्या बचावपटूंना आघाडीवीराच्या पुढे निघून जाण्याची गरज नव्हती, त्याच्या बरोबरीला येणे पुरेसे होते. म्हणून एकच पाऊल. नियम बदलल्यावर तेवढ्या पावलाने भागत नाही. आघाडीवीर स्पष्टपणे मागे सुटेल इतके पुढे यावे लागते, आणि त्यासाठी हाळीही आधी द्यावी लागते. जुन्या अंतराने नव्या नियमात सापळा लावणे म्हणजे गोलचा दरवाजा उघडा टाकण्यासारखे आहे.

सासष्टीकर

पंचसाहेब, तुमचा प्रतिसाद मी तीन वेळा वाचला. नियम बदलल्याचे मला ठाऊक होते, परंतु बदल कोणत्या वर्षीचा आहे याचा आणि आमच्या गोलचा संबंध मी कधी जोडला नाही. नंतरची सगळी वर्षे नव्या नियमाने सामने पाहिले आणि त्याच नजरेने ते छायाचित्र पाहत राहिलो.

आमच्या आघाडीवीराला आज सायंकाळी दूरध्वनी करणार आहे. तो लाईन्समन अजून हयात आहे आणि त्याच वाड्यावर राहतो. पुढचे ते दोघे पाहतील. छायाचित्राची प्रत खांडेपारकाठ यांना पाठवतो.

केवडा

मी खांडेपारकाठ यांच्या एक वर्ष मागे शिकत होते. अंतिम सामन्याला आम्ही बारा मुली कदंबच्या बसने गेलो होतो. जुन्या गोव्याच्या फेस्ताचे दिवस होते, बाणस्तारीपासून पुढे बसमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती आणि आम्ही पोहोचलो तेव्हा मध्यंतर जवळ आले होते. कॉर्नरवरचा तो गोल मात्र पाहायला मिळाला. परतताना संपूर्ण बस गात होती, आणि फेस्ताहून परतणारे अनोळखी लोकही आमच्यात सामील झाले होते. त्याच मोसमात फातोर्ड्याला गोव्याने केरळला 2-0 असे हरवून संतोष चषक जिंकला, आणि आम्हाला वाटले की आता हे असेच चालत राहणार.

परंतु मला बोलायचे आहे ते पुढच्या वर्षाविषयी, ज्याचा उल्लेख धाग्यात कोणी केलेला नाही. ऑगस्ट 1990 मधला पहिलाच सामना आपण 1-0 हरलो. त्या सामन्यात गोल झाला तेव्हा डाव्या बगलेचा मुलगा हात वर करून जागीच थांबला होता आणि समोरचा खेळाडू त्याच्या शेजारून निघून गेला. शिट्टी वाजलीच नाही. सामना संपल्यावर त्या मुलाला मैदानाबाहेर जे बोलले गेले ते मी छत्रीखाली उभी राहून ऐकले आहे. धावायचे सोडून हात कसला वर करतोस, असे त्याला आपल्याच लोकांनी विचारले. त्यानंतर तो कधी मैदानावर दिसला नाही. पंचसाहेबांचा प्रतिसाद वाचल्यापासून मला तो हातच आठवतो आहे. नियम त्याच दोन सामन्यांच्या मध्ये बदलला होता का?

निवृत्त_पंच

होय. ऑगस्ट 1990 चा सामना असेल, तर नवा नियम लागू झालेला होता. मोसमाच्या आरंभी आम्हा पंचांना तो समजावून सांगितला गेला होता, आणि मी स्वतः तरी त्या पावसाळ्यात प्रत्येक सामन्याच्या नाणेफेकीच्या वेळी दोन्ही कर्णधारांना तो सांगत असे. इतरांनीही सांगितला असेल असे मला वाटते. त्या मुलाने जे केले ते आठ महिन्यांपूर्वी अगदी बरोबर ठरले असते.

खांडेपारकाठ

दोन दिवस येथे लिहिले नाही, त्याबद्दल क्षमस्व. केवडा, तुम्ही तो सामना आठवून दिलात. मी मूळ लेखात 1990-91 विषयी एक शब्दही लिहिला नाही, आणि तो विसरलो म्हणून राहिला असे नाही.

पंचसाहेब, तुमच्या शेवटच्या प्रतिसादावर मी रात्रभर विचार केला. त्या दिवशी पाऊस इतका होता की नाणेफेकीचे नाणे चिखलात रुतले आणि ते शोधावे लागले. पंच आम्हा दोन कर्णधारांना काहीतरी सांगत होते. ऑफसाइड हा शब्द त्यात होता, हे मला आता नक्की आठवते. समोरच्या कर्णधाराने काहीतरी विचारले आणि पंचांनी दोन्ही तळवे एकमेकांच्या बरोबरीला धरून दाखवले. मी मान हलवली. माझे लक्ष मैदानाच्या कोणत्या बाजूला पाणी कमी साचले आहे याकडे होते, आणि ती बाजू मिळाली या आनंदात मी संघाकडे परतलो. त्यांना मी बाजू सांगितली. नियम सांगितला नाही. सर त्या दिवशी आजारी होते. ते असते, तर त्यांनी खोदून विचारले असते.

गोल झाल्यावर त्या मुलाला जे बोलले गेले, त्यात माझाही आवाज होता. केवडा यांनी ते लिहिले नाही, तो त्यांचा मोठेपणा. बचाव त्याच्यामुळे फुटला असे मी सरांनाही सांगितले होते, आणि इतकी वर्षे तसेच मानत आलो.

काल सकाळी त्याला दूरध्वनी केला. तो सावई वेऱ्याला कुळागर सांभाळतो. सुपारीची पाडणी चालू होती. आमचे बोलणे वर्षातून एखाद्या वेळी लग्नकार्यात होते, तेवढेच. मी त्याला पंचसाहेबांचा पहिला प्रतिसाद वाचून दाखवला. त्याने तो पुन्हा वाचायला सांगितला, आणि 1990 या आकड्यापाशी मला थांबवून विचारले, "म्हणजे कांपालला माझा हात बरोबर होता आणि नंतर नव्हता?" मी हो म्हटले. मग नाणेफेकीची गोष्ट सांगितली. त्यावर तो बराच वेळ काही बोलला नाही. झाडावरच्या पाडेल्याला त्याने हाक मारून काहीतरी सांगितले, ते ऐकू आले. नंतर म्हणाला, "त्या फोटोत माझा हात दिसतो म्हणालास ना, तो फोटो घेऊन ये."

सासष्टीकर, तुमची प्रत मिळाली, आभारी आहे. फोंड्यात ती मोठी करून घ्यायला दिली आहे. येत्या रविवारी सावई वेऱ्याला जातो आहे. सरही सोबत येणार आहेत; नियमांचे ते जुने पुस्तक त्यांच्या कपाटात अजून आहे.